दगड मी मारला

माझं तोंड तुम्ही पाहिलेलं आहे. नाव विचारलं तर सांगता येणार नाही, आणि त्याबद्दल माझी तक्रारही नाही. चाळीस वर्षं मी नायकाचा बाप झालो, नायिकेचा मामा झालो, लाच खाणारा तलाठी झालो, आणि मारामारी संपल्यावर जीपमधून उतरणारा फौजदार तर इतक्या वेळा झालो की खाकी कपड्यांचं माप शिंप्याला तोंडपाठ आहे. लातुरात रिक्षात बसलो की रिक्षावाला आरशातून बघत राहतो आणि शेवटी विचारतो, त्या अमक्या सिनेमात तुम्हीच होतात ना. मी हो म्हणतो. निम्म्या वेळा तो दुसऱ्याच नटाबद्दल बोलत असतो, तरी मी हो म्हणतो. आयुष्यभर मी हेच केलं.

आता मी संतापलेलो आहे, आणि हा संताप उतरावा अशी माझी बिलकूल इच्छा नाही. माझी बायको पार्वतम्मा म्हणते, या वयात एवढं चिडून बीपी वाढवून घेऊ नका. मी तिला सांगितलं, बीपी वाढू दे, गोळी आहे. संतापावर गोळी असती तर तीही मी घेतली नसती.

सरकारं बदलली तसा मी बदललो. पहिली दहा-बारा वर्षं मी सोसायटीचा प्रामाणिक चेअरमन असायचो, गावासाठी झिजणारा. मग सरकार पालटलं आणि सिनेमातले सहकारवाले एकाएकी बदमाश झाले. चेअरमन मीच, टोपी तीच, ओसरी तीच, फक्त मिशी जाड केली आणि खिशाला सोनेरी पेन लावलं. पुढे पुन्हा पालटलं तेव्हा मिशी बारीक केली. एका राजवटीत सरकारी योजनेच्या जाहिरातीत लाभार्थी म्हणून हसलो. दुसऱ्या राजवटीने त्याच योजनेचं नाव बदललं, तेव्हाही मीच हसलो, आणि हसणंही तेच वापरलं. कुणी विचारलं नाही की आप्पा, परवा तर तुम्ही उलटं बोलत होतात. दुय्यम नट जे बोलतो ते त्याचं नसतंच, असं सगळ्यांनी धरलेलं असतं. मीही तसंच धरलं होतं.

माझ्या अंगात एक कला होती, तिच्यावर माझं घर चाललं. आमच्याकडच्या कमी खर्चाच्या सिनेमात चित्रीकरणाच्या वेळचा आवाज ठेवत नाहीत. नंतर स्टुडिओत उभं राहून, पडद्यावरच्या ओठांकडे बघत, तेच संवाद पुन्हा म्हणायचे असतात. याला डबिंग म्हणतात. प, ब, म म्हणताना ओठ मिटतात. ते मिटणं जुळलं की मधे काय वाटेल ते घाला, बघणाऱ्याला पत्ता लागत नाही. सेन्सॉरला एखादं वाक्य खुपलं, एखाद्या मंत्र्याला टोचलं, की निर्माते मला फोन करायचे. पडद्यावरचा माणूस शिवी देत असला तरी मी त्याच्या तोंडून आशीर्वाद काढून दाखवायचो. लोक मला यात उस्ताद म्हणायचे आणि मी फुशारून जायचो.

नांदेडचा रामलिंग हा माझा दोस्त. राज्य नाट्य स्पर्धेत आम्ही दोघं एकाच नाटकात उभे राहिलो आणि एकाच वर्षी सिनेमात शिरलो. एका सिनेमात त्याने गिरणी कामगाराचं काम केलं आणि मंत्र्याच्या तोंडावर एक जहाल वाक्य टाकलं. सिनेमा तयार होईतो सरकार बदललं, त्या मंत्र्यासारखाच दिसणारा माणूस अनुदान देणाऱ्या समितीवर बसला आणि निर्माता घाबरला. रामलिंगला वाक्य बदलायला सांगितलं. तो म्हणाला, बोललो ते बोललो. मग त्यांनी मला बोलावलं. अर्ध्या दिवसात मी रामलिंगच्या तोंडात एक मऊ, विनवणीचं वाक्य घातलं. ओठ इतके जुळले की ध्वनीवाल्याने माझी पाठ थोपटली. रामलिंगने तो सिनेमा नांदेडला बघितला आणि त्यानंतर तो माझ्याशी कधी बोलला नाही. चार वर्षांपूर्वी तो गेला. मी मयतीला गेलो तर त्याच्या मुलीने, वर्षाराणीने, मला बसा म्हटलं नाही. तेव्हा मला तिचाच राग आला होता. एवढ्या लांबून आलेल्या माणसाशी असं वागतात का, असं मी परतीच्या बसमध्ये मनात घोकत होतो. असा मी माणूस.

दोन वर्षांपूर्वी शेषेरावांवर सिनेमा निघाला. शेषेराव म्हणजे आमच्या भागाचे पुढारी, चार वेळा आमदार, एकदा मंत्री, वय अठ्ठ्याहत्तर. पैसा घालणारा त्यांचा पुतण्या बालाजी, लातुरात डाळमिल असलेला. नायक पुण्याहून आणला. मला काम दिलं व्यंकटीचं.

व्यंकटी खराच होऊन गेला. निलंग्याच्या पुढे कर्नाटकाच्या शिवेजवळ एक गाव आहे, तिथल्या शाळेत तो शिपाई होता. बौद्ध वस्तीतला हा पोरगा शेषेरावांचा पहिला कार्यकर्ता. चाळीस वर्षांपूर्वी दुष्काळी कामाची मजुरी थकली म्हणून शेषेरावांनी मोर्चा काढला, त्यात दगड सुटला आणि एका जमादाराचं कपाळ फुटलं. आठ दिवसांवर शेषेरावांचा पहिला उमेदवारी अर्ज होता. त्यांच्यावर गुन्हा लागला असता तर पुढारीपण तिथेच संपलं असतं. दुसऱ्या दिवशी व्यंकटी आपल्या पायाने ठाण्यात गेला आणि म्हणाला, दगड मी मारला. अकरा महिने आत राहिला. शाळेची नोकरी गेली. शेषेराव निवडून आले.

भूमिका शिकायला मी त्या गावी दोन दिवस राहिलो. व्यंकटीला जाऊन दहा वर्षं झाली होती, पण त्याची बायको नागुबाई होती. सत्तरी ओलांडलेली, काटक, बोलायला रोखठोक. चाळीस वर्षांत मला इतकं चांगलं कुणी शिकवलं नाही. व्यंकटी हात मागे बांधून उभा राहायचा, बोलताना जमिनीकडे बघायचा आणि शेवटच्या शब्दाला मान वर करायचा. मी मान आधीच वर केली की ती मला थांबवायची. ठाण्यात तो जे बोलला तेही तिनेच सांगितलं, कारण आदल्या संध्याकाळी त्याने ते घरात तिच्यासमोर तीन वेळा म्हणून बघितलं होतं. ठाण्यात जीभ अडखळायला नको म्हणून. म्हणजे त्या माणसाने तालीम केली होती. मी साठ सिनेमे केले, पण जिच्यापायी तुरुंगात जायचं आहे अशी तालीम मी एकदाही केली नव्हती.

आणि दगड खरं कुणी मारला, हेही तिने सांगितलं. तो शेषेरावांनीच मारला होता. सिनेमात ते दाखवणार नव्हते, गर्दीतून कुणीतरी मारला एवढंच होतं. मला वाटलं, ठीक आहे, व्यंकटीचं तर खरं येतंय.

ते दृश्य आम्ही लातुरात एका जुन्या गोदामात ठाणं उभं करून घेतलं. "दगड मी मारला. शेषेराव त्या टायमाला घरी जेवत होते." एवढंच वाक्य. हात मागे, नजर खाली, शेवटच्या शब्दाला मान वर. एका दमात झालं. जेवणाच्या सुट्टीत लाइट लावणारी माणसं माझ्याजवळ येऊन बसली, जी एरवी नायकाच्या खुर्चीभोवती घोटाळतात. मला रडू आलं हे मी लपवत नाही. माझ्या जन्माचं एक तरी काम झालं, असं मी घरी जाऊन पार्वतम्माला सांगितलं.

मग पक्ष फुटला. तुम्हाला सगळं माहीत आहे, कोण कुठे गेला याची उजळणी मी करत नाही, माझं डोकं उठतं. शेषेराव नव्या गटात गेले. व्यंकटीचा मुलगा आदर्श निलंग्याला वकिली करतो, तो जुन्या गटात राहिला. राहिला एवढंच नाही, तर जिल्हा परिषदेला शेषेरावांच्या सुनेच्या विरोधात उभा राहणार असं त्याने जाहीर केलं. आणि तिकडे आमचा सिनेमा जवळजवळ पूर्ण होऊन पडला होता, ज्यात उमेदवाराच्या बापाने शेषेरावांना वाचवलेलं होतं.

बालाजीने मला नांदेडला बोलावलं. तिथे एक लहान स्टुडिओ आहे. एरवी तिथे जयंतीची गाणी, वाढदिवसाची गाणी आणि निवडणुकीत रिक्षावर वाजणाऱ्या घोषणा भरून देतात. मी बसने गेलो. त्याने माझ्या हातात एक कागद ठेवला. त्यावर लिहिलं होतं: "दगड शेषेरावांनी मारला. मी त्या टायमाला घरी जेवत होतो."

मी कागद उलटा करून बघितला, मागे काही खुलासा आहे का म्हणून. नव्हता. खुलासा बालाजीने तोंडी दिला. आता सिनेमात दगड व्यंकटीच मारतो, नाव शेषेरावांचं सांगतो आणि निर्दोष शेषेराव अकरा महिने तुरुंगात काढतात. नायकाची तुरुंगातली दृश्यं नव्याने घेऊन झाली होती. त्याला दाढी लावली होती आणि गजांमागे बसून तो आईला पत्र लिहीत होता. माझं दृश्य पुन्हा घ्यायची गरज नव्हती. कॅमेरा फौजदाराच्या खांद्यामागून होता, माझे ओठ निम्मेच दिसत होते. फक्त आवाज बदलायचा.

म्हणजे त्या माणसाने दुसऱ्याचा गुन्हा स्वतःच्या अंगावर घेतला, आणि चाळीस वर्षांनी हे लोक त्याच्याकडून तो तुरुंगवाससुद्धा काढून घेत होते. घर नाही, जमीन नाही, पेन्शन नाही. व्यंकटीपाशी आयुष्यभराची कमाई म्हणून ते अकरा महिने होते, तेही यांना पाहिजे झाले. मला इतका संताप आला की मी तो कागद चुरगळून बालाजीसमोर टाकला, आणि त्याला वाटलं मी प्रवासाने वैतागलोय. त्याने चहा मागवला.

मी नाही म्हणालो. बालाजी हसला. त्याला वाटलं मी भाव खातोय, कारण आमच्या धंद्यात नट रुसला म्हणजे त्याचा अर्थ एकच असतो. त्याने पोस्टरवर माझा फोटो टाकायचं कबूल केलं. मी पुन्हा नाही म्हणालो. तेव्हा तो आवाज न चढवता म्हणाला, "आप्पा, रामलिंगच्या तोंडावर तुम्ही केलंच होतं की. तेव्हा तोंड दुसऱ्याचं होतं म्हणून सोपं गेलं का?"

याचं उत्तर हो असं होतं. मी उठलो आणि बसस्टँडवर आलो. खरं सांगायचं तर वाटेत माझा राग निवळला आणि मला स्वतःचं कौतुक वाटायला लागलं. लोह्याला बस थांबली तेव्हा मी भजी खाल्ली. आपण नाही म्हणालो, आयुष्यात एकदा तरी म्हणालो, म्हणजे आता हा सिनेमा अडला, असं मला वाटत होतं. साठीला आलेल्या माणसाने इतकं भाबडं असू नये.

तीन आठवड्यांनी सिनेमाची झलक मोबाइलवर आली. त्यात मी होतो. हात मागे, नजर खाली, आणि शेवटच्या शब्दाला मान वर करून मी म्हणत होतो की दगड शेषेरावांनी मारला. आवाज माझाच होता. ऑर्केस्ट्रात नकला करणारा एक पोरगा त्यांनी पकडून आणला होता आणि त्याने माझी नक्कल माझ्यापेक्षा बरी केली होती. ओठ थोडे चुकले होते, ते मला दिसले, आणि संतापाच्या भरातही ते मला खटकले. त्यानंतर लगेच नायक गजांमागे, आणि खाली अक्षरं: घरचाच भेदी. लाखभर लोकांनी ते बघितलं होतं. खाली कुणीतरी लिहिलं होतं की बाप तसा बेटा, आणि आदर्शचं नाव टाकलं होतं. त्या ओळीला शेकड्याने अंगठे पडले होते.

दुसऱ्या दिवशी मी नागुबाईकडे गेलो. मनात भाषण तयार होतं. मी नाही म्हणालो, मी बाणेदारपणे उठून आलो, हे तिला सांगायचं होतं. ती ओट्यावर तूर पाखडत बसली होती. मला बघून सूप खाली ठेवलं नाही.

मी म्हणालो, "मावशी, तो आवाज माझा न्हाई. आई शप्पत, मी नाही म्हणून आलो होतो."

"तोंड कुनाचं हाय?"

"तोंड माझं."

"मग? गावाला तोंड दिसतंय, आप्पा. गिरणीत बायका मला इचारत व्हत्या, तुजा दादला असाच हात मागं बांधायचा न्हवं, म्हून. ते हात मागं बांधायचं तुमाला कुनी शिकवलं?"

तिनेच शिकवलं होतं. तिने जीव ओतून शिकवलेल्या त्या उभं राहण्यामुळे, त्या मान वर करण्यामुळे ते खोटं खरं वाटत होतं. तिने मला आपला नवरा दिला होता आणि त्यांनी माझ्याकडून तो घेऊन त्याला फितूर केलं होतं. मी तिच्या ओट्यासमोर उभा राहिलो आणि मला रामलिंग काय भोगून गेला ते कळलं. कळून त्याचा काय उपयोग.

आदर्श घरातच होता. त्याने मी सही केलेला करारनामा मागितला, वाचला आणि परत दिला. आवाजात बदल करण्याचा हक्क निर्मात्याचा, असं त्यात छापलेलं होतं. अशा कागदांवर मी चाळीस वर्षं न वाचता सह्या केल्या. कोर्टात गेलो तर निकाल लागेपर्यंत निवडणूक होऊन जाईल, असं तो म्हणाला. तो माझ्यावर चिडला नाही, नुसता थकल्यासारखा बोलला, आणि ते मला जास्त लागलं.

आता गंमत ऐका. सिनेमा लागायच्या आठवड्यात लातुरात मोठा कार्यक्रम ठेवला होता आणि त्याचं निमंत्रण मला आलं. व्यासपीठावर शेषेराव, नायक, आणि आपल्या मातीतला कलाकार म्हणून माझा शाल-नारळ देऊन सत्कार. मी नाही म्हणून उठून आलो होतो, हे बालाजीच्या हिशेबी नव्हतंच. त्याने सगळ्यांना सांगितलं होतं की आप्पांचा घसा बसला होता. नट स्टेज सोडून घरी बसेल, हे त्याच्या डोक्यात आलंच नसणार. पार्वतम्मा म्हणाली जाऊ नका, तुमच्या तोंडून काहीतरी निघेल. मी म्हटलं त्यासाठीच जातोय.

हॉल गच्च भरला होता. अर्धे लोक गाड्या करून आणलेले. आमच्याकडे कुठलाही कार्यक्रम असो, नट दिसला की लोक ओरडतात, डायलॉग, डायलॉग. पुण्याचा नायक अजून पोहोचला नव्हता, शेषेराव खुर्चीत बसून कंटाळले होते आणि माइक घेतलेल्या पोरीला वेळ काढायचा होता. तिने रीतीप्रमाणे मला पुढे बोलावलं आणि गाजलेला डायलॉग होऊन जाऊ द्या म्हणाली. बालाजीने मागून मान हलवली, म्हणा, म्हणा. त्याला वाटलं, पडद्यावर आहे तेच हा म्हणणार. दुय्यम नट दुसरं काय म्हणणार.

मी हात मागे बांधले. जमिनीकडे बघितलं. आणि मी म्हणालो, "दगड मी मारला. शेषेराव त्या टायमाला घरी जेवत होते."

शेवटच्या शब्दाला मान वर केली ती थेट शेषेरावांकडे बघून. पहिल्या रांगेत कुजबूज झाली. मी थांबलो नाही. हे व्यंकटी ठाण्यात बोलला होता, अकरा महिने तो आत होता, शेषेराव एक दिवससुद्धा नव्हते, असं मी म्हणायला लागलो तोवर माइक बंद झाला. मला माइक लागत नाही. आमच्या काळी स्पर्धेत माइक चालायचेच नाहीत, शेवटच्या बाकड्यापर्यंत आवाज पोहोचवायला मी पोटातून शिकलोय. उरलेलं मी तसंच म्हटलं, एकेक शब्द सोडवून. दगड खरा कुणी मारला तेही म्हटलं. शेवटच्या रांगेतला म्हातारा उठून उभा राहिला, ते मला दिसलं.

मला वाटलं आता अंगावर येतील. यावेत अशी माझी इच्छाच होती. पण शेषेराव सावकाश उठले, हसले, आणि त्यांनी टाळ्या वाजवायला सुरुवात केली. त्यांना चालू माइक आणून दिला. ते म्हणाले, "बघा, याला म्हणतात कलाकार. भूमिकेतून बाहेरच येईना गडी." हॉल हसला. मग सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या, उभं राहून वाजवल्या. चाळीस वर्षांत मला अशा टाळ्या कधी मिळाल्या नव्हत्या. शेषेरावांनी स्वतःच्या हाताने माझ्या खांद्यावर शाल टाकली आणि माझा दंड असा दाबला की दोन दिवस काळा-निळा होता. मी शाल खाली टाकली तर लोकांना तोही अभिनय वाटला. मी ओरडलो, तर ढोल वाजायला लागले, नायक आला होता.

बाहेर येऊन मी पायरीवर बसलो. खरं ओरडून सांगितलं आणि त्या म्हाताऱ्या पुढाऱ्याने त्याचं नाटक करून टाकलं. मला त्याचा राग आला, टाळ्या वाजवणाऱ्यांचा आला, आणि सगळ्यात जास्त माझा आला, कारण चाळीस वर्षं काहीही बोलून, कशालाही हो म्हणून, माझ्या तोंडाची ही किंमत मीच करून ठेवली होती.

सकाळच्या पहिल्या बसने मी नागुबाईकडे गेलो. या वेळी भाषण तयार नव्हतं. तिने कार्यक्रम मोबाइलवर बघितला होता, आदर्शला कुणीतरी पाठवला होता. तिने मला बसायला सांगितलं, पाणी दिलं आणि विचारलं, "शेषेरावानं सोताच टाळी वाजवली न्हवं? पैली?"

मी म्हणालो, होय, पहिली त्यांनीच वाजवली.

मला वाटलं ती रडेल. पण तिचं तोंड कठीण झालं होतं. "मला वाटायचं इसरला आसंल," ती म्हणाली. "लई मोटा झाला, लई मानसं भवती, इसरला आसंल. चाळीस वर्सं म्या त्येला इसरला म्हून सोडून दिलं. माजा दादला मेल्यावर हार घालाया बी आला न्हाई, तरी सोडलं. पन तुमी बोलल्याबरुबर त्येला कळलं, टाळी वाजवाया पायजे. म्हंजे समदं याद हाय त्येला."

आदर्श दारात उभा होता. आईला असं बोलताना त्याने पाहिलं नसावं. तो काही म्हणायला गेला, तिने हाताने थांबवलं.

"सिनिमा कवा लागतुया?"

"शुक्रवारी. लातुरात."

"मी दारात बसनार. ज्यो तिकीट काढंल त्येला सांगनार. पन मला मोट्यानं बोलाया येत न्हाई, आप्पा, छाती भरून येते. तुमी हुबं ऱ्हायचं आन् म्हनायचं, जसं त्यो म्हनला तसं. परत्येक खेळाला."

मी म्हणालो, मावशी, लोक पुन्हा हसतील, टाळ्या वाजवतील.

"वाजवू द्या. मी शेजारी बसल्याली आसंन. माज्या तोंडाकडं बघून कोन हसतंय ते बगू."

ती उठली आणि मला अंगणात उभं केलं. हात मागे बांधायला लावले. मी वाक्य म्हटलं. माझा आवाज संतापाने चढला होता, तिने पुन्हा म्हणायला लावलं, तो चिडून बोलला नव्हता, म्हणाली. मी तीन वेळा म्हटलं. तिसऱ्यांदा मान वर केली तेव्हा तिने पदर डोळ्याला लावला आणि हेच बरोबर म्हणून घरात गेली. आदर्शने मोबाइलवर बघून सांगितलं, शुक्रवारी चार खेळ आहेत, पहिला बाराचा. आम्ही साडेनऊला निलंग्याहून बस धरायचं ठरवलं.